पिवळ्या साडीला हिरवा गोट

तमिळनाडूतल्या पुळियंगुडीत लिंबाचा बाजार उठला की गावाला जरा डुलकी लागते. पुन्हा खरी जाग येते ती साडेआठच्या मालिकेला. मुप्पिडातीच्या घरात मात्र मालिकेची तयारी बरीच आधी सुरू व्हायची. ती पायमशीनवरचं शिवणकाम हातावेगळं करायची, समोरची फरशी ओल्या फडक्यानं पुसायची, ती सुकेपर्यंत एक घोट सुंठीची कॉफी घ्यायची आणि खडूचा तुकडा हातात धरून भिंतीला टेकून बसायची. मालिका बघायला नव्हे, पाठ बघायला.

ब्लाउजचं सगळं कसब हल्ली पाठीवर आलंय, आणि मालिकेतली नायिका पूंगोदै पाठ दाखवायची फारच थोडा वेळ. सासूशी वाद घालून तरातरा निघाली की, नाहीतर देवघरात दिवा लावायला वळली की. तेवढ्या अवधीत मुप्पिडातीचा खडू फरशीवर सर्रकन फिरायचा. गळ्याची खोली, गोंड्याची जागा, बाहीचा काठ, सगळं पांढऱ्या रेघांत उतरायचं.

"अम्मा, फोनवर थांबवून बघता येतं," पोन्मणी, तिची एकुलती एक मुलगी, दर आठवड्याला एकदा तरी सांगायची.

"थांबवलेली बाई म्हणजे दुकानातली बाहुली. चालताना गळा खांद्यावर कसा बसतो, ते तुझा फोन सांगेल होय?"

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या रेघा पुसायच्या आधीच गिऱ्हाईक दारात हजर असायचं. सगळ्यात पुढे शेजारची रासात्ती. पुढून गळा पूंगोदैसारखा हवा, सालस, आणि मागून मात्र 'त्या दुसरीसारखा'. ती दुसरी म्हणजे मालिकेतली दुष्ट जाऊ. तिचं नाव सकाळच्या पारी कोणी तोंडातून काढत नसे, पण तिच्या पाठीचे गळे अर्ध्या गावानं शिवून घेतले होते. समोरून सून आणि मागून जाऊ, असं ते पुळियंगुडीचं त्या वर्षीचं वळण होतं.

त्याच वर्षी पोन्मणीचं लग्न ठरलं.

मुलगा शंकरनकोविलचा, यंत्रमागाच्या कारखान्यात देखरेखीला, इसक्किराज नावाचा. माणसं साधी. मुलाची आई शेंबगम मुलगी बघायला आली ती पहिल्यांदा मशीनजवळच थबकली. फरशीवरच्या खडूच्या रेघांकडे बघून म्हणाली, "हा कालचा ना? देवघरातला?" मुप्पिडाती हसली आणि अर्धं लग्न तिथंच ठरलं. विहिणी विहिणी त्या दिवसापासून एकमेकींना 'मदिनी' म्हणू लागल्या, आपल्याकडे वहिनी म्हणावं तसं.

साखरपुडा आवणी महिन्यातला, आपल्या श्रावण-भाद्रपदातला, धरला. साखरपुड्याची साडी मुलाकडच्यांनी आणायची. ताटात फुलं, फळं, हळदकुंकू आणि मधोमध ती साडी. मुलगी आत जाऊन ती नेसून येते आणि मग चार माणसांसमोर बसते. पण साडीबरोबर ब्लाउज लागतो, आणि ब्लाउज काही ताटात शिवून होत नाही. म्हणून साडी आधी गुपचूप मुलीकडे येते, तिच्यातलं ब्लाउजचं कापड कापतात, फॉल लावतात आणि साडी परत मुलाकडे जाते. मग ठरल्या दिवशी ती जणू पहिल्यांदाच येते आणि बायका जणू पहिल्यांदाच बघतात.

शेंबगमनं साडी पाठवली. मुप्पिडातीनं कागद उलगडला आणि तिला हसूच फुटलं. आंब्याच्या रंगाची पिवळी साडी, वांग्याच्या फुलासारखा जांभळा काठ. पूंगोदैची साडी! सासरी आल्यावर पहिल्या सकाळी पूंगोदै सासूला कॉफी नेऊन देते, तेव्हा नेसलेली. मालिकेत एक सकाळ संपायला तीन तीन आठवडे लागतात, त्यामुळे त्या साडीचा धागान् धागा साऱ्या मुलुखाला पाठ झाला होता. दुकानादुकानांत तिचे ढीग लागले होते.

"आडी महिन्यातल्या स्वस्ताईच्या सेलातली दिसतेय," रासात्तीनं पदर बोटांत चोळून पाहिलं.

"तुझ्या सासूनं तुला काय आणलं होतं गं?"

"मला? मला माझ्या सासूनं सांगितलं, अंगावर आहे तेच धुऊन नेस." रासात्ती खदखदून हसली. "छान आहे गं अक्का. पोरगी उजळून निघेल."

गुरुवारी चांगली वेळ बघून मुप्पिडातीनं साडीला कात्री लावली. लावताना क्षणभर तिचा हात अडखळला. नवरा गेलेल्या बाईनं नवरीच्या कापडाला पहिली कात्री लावू नये, असं बोलणारी तोंडं गावात होती. पण गावातल्या निम्म्या नवरींचे ब्लाउज तिच्याच हातचे होते, तेव्हा कोणी काही बोललं नव्हतं. गरज असली की शकुन डोळा मिटून घेतो. तिनं मनातल्या मनात अम्मन देवीचं नाव घेतलं आणि कापलं.

आणि शुक्रवारी साडेआठला पूंगोदैचा नवरा मेला.

असा तसा नाही मेला. मोटार दरीत गेली. पूंगोदै दवाखान्याच्या बोळातून धावत सुटली, केस मोकळे, कुंकू फिसकटलेलं, आणि अंगावर तीच साडी. आंब्याची पिवळी, जांभळ्या काठाची. मुप्पिडातीच्या हातातला खडू तसाच राहिला. पूंगोदै वळली, पाठ दिसली, पुन्हा वळली, पण फरशीवर एक रेघ उमटली नाही.

सकाळी रासात्ती आली ती दारातूनच छाती बडवत.

"अगं बाई! इकडे तू कात्री लावलीस आणि तिकडे बिचारीचा नवरा गेला!"

बोलून गेली आणि मग तिनंच जीभ चावली. रासात्तीचं तोंड फाटकं होतं, मन नव्हतं. पण शब्द सुटला होता. मुप्पिडातीनं मान खाली घालून सुईत दोरा ओवायला घेतला. दोरा काही केल्या जाईना.

मालिकेतला तो दिवस काही संपेना. दर संध्याकाळी पूंगोदै त्याच साडीत रडायची. सोमवारी दवाखान्याच्या पायरीवर, मंगळवारी प्रेताजवळ, बुधवारी पुन्हा पायरीवर. आठवड्याभरात दुकानदारांनी बाहुल्यांच्या अंगावरून पिवळ्या साड्या उतरवल्या. 'पूंगोदै साडी' हे नाव जाऊन लोकांच्या तोंडी 'रडकी साडी' बसलं. दुष्ट जावेच्या निळ्या साडीचा भाव वधारला.

दुकानात परत देता आली असती, पण आता कशी देणार? ब्लाउजचं कापड तर कापून झालं होतं. कापलेली साडी कोण परत घेतो?

"मला काही वाटत नाही हं," पोन्मणी म्हणाली. "मालिकेतलं मरण ते. उद्या तो दुसऱ्या वाहिनीवर दुसऱ्या बाईचा नवरा होईल."

बोलली खरी. पण ब्लाउज अंगाला लावून बघायला आईनं बोलावलं, तेव्हा दोरीवर टांगलेल्या पिवळ्या साडीला वळसा घालून ती आली, पलीकडून. वाट सरळ होती. मुप्पिडातीनं ते पाहिलं. आई लवकर एकटी पडलेली या पोरीनं सातव्या वर्षी पाहिली होती. तिला काही वाटत नाही, असं कसं होईल?

बोलायचं कोणी, हा खरा पेच. 'साडी बदला' म्हणावं, तर विहिणीनं हौसेनं आणलेल्या वस्तूला मुलीकडच्यांनी नाक मुरडलं असं होणार. गप्प बसावं, तर साखरपुड्याला चार बायका कुजबुजणार आणि त्यातली एखादी म्हणणारच, आईचं नशीब लेकीच्या पदराला बांधलं. मुप्पिडातीनं फोन उचलून ठेवला, पुन्हा उचलून पुन्हा ठेवला. शेंबगमचा फोन आला, तेव्हा दोघी पावसावर बोलल्या, तांदळावर बोलल्या, केळीच्या पानांवर बोलल्या. साडीचं नाव दोघींनीही काढलं नाही.

फॉल लावून झाला. साडी परत पाठवायची वेळ आली. आणि एका संध्याकाळी शेंबगम स्वतःच बसमधून उतरली. हातात हलव्याचा डबा, काखेत कापडी पिशवी.

"इकडून जात होते, म्हटलं बघून जावं."

शंकरनकोविलहून पुळियंगुडीला 'इकडून जात' कोणी येत नाही. पण मुप्पिडाती म्हणाली, "बरं केलंत मदिनी," आणि कॉफी ठेवायला आत गेली.

पोन्मणी कामावरून यायची होती. दोघी बसल्या. लिंबाचं लोणचं कसं मुरलंय ते चाखून झालं. मुरुक्कू, म्हणजे आपल्या चकल्या, कुरकुरीत झाल्यात म्हणून झालं. शेंबगम कापडी पिशवी एकदा मांडीवर घ्यायची, एकदा खाली ठेवायची. दोरीवरच्या साडीकडे तिनं अजून पाहिलं नव्हतं. एवढ्याशा खोलीत एवढ्या पिवळ्याधमक साडीकडे न बघायला किती कष्ट पडत असतील!

साडेआठ वाजले. सवयीनं मुप्पिडातीचा हात टीव्हीकडे गेला. मग आठवून थबकला.

"लावा की," शेंबगम म्हणाली. "नाहीतरी मनात चालूच आहे."

पूंगोदै त्या दिवशी नवऱ्याच्या सदऱ्याची घडी उराशी धरून बसली होती. रडत नव्हती. नुसती बसली होती. हुंदका आला तो टीव्हीतून नव्हे, शेजारून. मुप्पिडातीनं वळून पाहिलं. शेंबगम पदराचा बोळा तोंडात कोंबून रडत होती.

"मदिनी! अहो, काय झालं?"

"मीच निवडली हो. माझ्याच हातानं." शेंबगमनं नाक पुसलं. "मला तिन्ही मुलगेच. घरात बाई म्हणून मी एकटी. ती पूंगोदै सकाळी कॉफी घेऊन येते ना, सासूला म्हणते, 'साखर कमी वाटली तर ओरडू नका, हळू सांगा.' आणि हसते. ते बघून मी वेडीच झाले. म्हटलं, माझी सून हीच साडी नेसून माझ्या दारात अशीच हसली पाहिजे. दुकानदारानं किती साड्या टाकल्या पुढ्यात. मी म्हटलं, हीच. आता आमच्या गल्लीतल्या बायका विचारतात, सुनेला रडकी साडी दिलीस म्हणे? पोरीला काय वाटत असेल? तुम्हाला काय वाटलं असेल? तुम्ही काही बोलला नाहीत."

"तुम्हीही नाही बोललात."

"कुठल्या तोंडानं बोलू?" तिनं पिशवी उघडली. आत डाळिंबी रंगाची एक साडी होती. "ही माझी. धाकट्याच्या बारशाची. एकदाच नेसलेली. ही ताटात ठेवीन म्हणते. पण हिला मापाचा ब्लाउज नाही, आणि नवी आणायची तर आता..." बोलता बोलता तिनं वाक्य सोडून दिलं.

मुप्पिडातीनं डाळिंबी साडी हातात घेतली. चांगली होती. दोन दिवसांत ब्लाउज झाला असता. 'हो' म्हटलं की सगळं निस्तरलं असतं. कुजबुज नाही, शकुन-अपशकुन नाही. 'हो' तिच्या ओठांवर आलंही होतं.

का कोण जाणे, ती उठली. पेटीचं झाकण वर केलं आणि तळाशी हात घालून एक जुनं लुगडं बाहेर काढलं. लिंबाच्या पानासारखं हिरवं. मऊ झालेलं, एका ठिकाणी विरलेलं.

"हे काय?" शेंबगमनं विचारलं.

"पोन्मणीचा अप्पा गेला त्या दिवशी मी हे नेसले होते."

शेंबगमचा पुढे आलेला हात आपोआप मागे गेला. मुप्पिडातीला ते दिसलं. तिला राग आला नाही. सगळेच हात मागे जातात.

"सकाळी बाजाराला निघाला. लिंबाच्या गोणी यायच्या होत्या. चप्पल घालता घालता म्हणाला, मुप्पिडाती, या लुगड्यात तू सबंध झाड दिसतेस. मी म्हटलं, मग काटे सांभाळा. हसत गेला. दुपारी गोणीवर बसल्या बसल्या छातीत कळ आली न् गेला. घरी आणला तेव्हा माझ्या अंगावर हेच होतं. बायका म्हणाल्या, जाळून टाक, नाहीतर परटिणीला देऊन टाक, घरात ठेवू नकोस. मी लपवून ठेवलं." तिनं लुगड्यावरून हात फिरवला. "पोन्मणीला ताप आला की हेच पांघरायला घालते. त्याचे शेवटचे डोळे यावर पडलेत हो. चांगले बोलले ते डोळे. लुगड्यानं काय केलं, मदिनी? ते तर नुसतं माझ्या अंगावर होतं."

टीव्हीत जाहिराती लागल्या होत्या. कोणीतरी साबणाबद्दल फार आनंदानं गात होतं. शेंबगम उठली, टीव्ही बंद केला आणि परत येऊन अगदी जवळ बसली. मग तिनं हळूच हात पुढे केला आणि ते हिरवं लुगडं हातात घेतलं. थोडा वेळ तसंच मांडीवर ठेवलं.

"पूंगोदै त्या साडीत आधी हसली होती," ती म्हणाली. "मला तेच आवडलं होतं."

"मलाही."

दारात चपला वाजल्या. पोन्मणी उभी होती. किती वेळची, कोणास ठाऊक. ती आत आली, दोरीखालून सरळ चालत, आणि जाता जाता पिवळ्या साडीचा काठ आपल्या डोक्यावरून घसरू दिला.

"अत्तै," सासूला म्हणतात तसं ती शेंबगमला म्हणाली, "मी कॉफी आणते. साखर कमी वाटली तर ओरडू नका."

शेंबगमला हसू आणि रडू एकदमच आलं.

साखरपुड्याच्या दिवशी ताट आलं. फुलं, फळं, हळदकुंकू, आणि मधोमध पिवळी साडी. ती बघताच बायकांनी एकमेकींकडे पाहिलं. मग कुजबुज. मुप्पिडाती रीतीप्रमाणे मागे, स्वयंपाकघराच्या चौकटीआड उभी होती. अशा वेळी तिनं पुढे यायचं नसतं, हे तिला कोणी सांगावं लागत नव्हतं. चौदा वर्षं ती चौकटीआडच उभी राहत आली होती.

साडी नेसवायला मुलाकडची सवाष्ण आत जाते. शेंबगम ताट घेऊन उठली, आतल्या खोलीकडे गेली आणि चौकटीपाशी थांबली.

"मदिनी, चला."

"मी? अहो, नको. लोक..."

"माझे हात निऱ्या धरायला थरथरतात. तुमचा हात बसलेला आहे."

शेंबगमचे हात मुळीच थरथरत नव्हते. तीन मुलगे वाढवलेले हात ते, दगडासारखे घट्ट. मुप्पिडाती त्यांच्याकडे बघत राहिली. मागून एक म्हातारी म्हणाली, "अगं शेंबगम, तिला कशाला?" शेंबगमनं मान न वळवता उत्तर दिलं, "आत्या, ब्लाउज तिनं शिवलाय, पोर तिनं वाढवलीय. निऱ्या तेवढ्या मी कशाला घालू?"

मग मुप्पिडाती आत गेली. पोन्मणीपुढे गुडघ्यांवर बसली आणि एक एक निरी बोटांत धरू लागली. तिसरी निरी दोनदा सुटली. पोन्मणीनं वरून हात खाली आणला आणि आईच्या केसांवर नुसता ठेवला. चौथी निरी नीट बसली.

पोन्मणी बाहेर आली. सगळ्यांचे डोळे साडीवर. ती वडीलधाऱ्यांना नमस्काराला वाकली, वळली, आणि बायकांना पाठ दिसली. गळा पूंगोदैच्याच घाटाचा होता, पण त्याच्या कडेनं सबंध एक बारीक गोट फिरवलेला होता, हिरवा. पिवळ्यावर लिंबाच्या पानाचा हिरवा. पूंगोदैच्या ब्लाउजला तो नव्हता. दुष्ट जावेच्या कुठल्याच ब्लाउजला तो नव्हता.

"हे कुठल्या मालिकेत आलंय?" कोणीतरी रासात्तीला हळूच विचारलं.

रासात्तीला माहीत नव्हतं, आणि माहीत नाही म्हणायची तिला सवय नव्हती. "नवीन आहे," ती म्हणाली. "अजून यायचंय."

म्हातारी आत्याही मान लांब करून बघत होती. शेंबगमनं पुढे होऊन पोन्मणीच्या केसांत मोगरा माळला आणि तिच्या कानात काहीतरी सांगितलं. पोन्मणी हसली. मोठ्यानं, नवरीनं हसू नये तशी.

त्यानंतर काही आठवड्यांनी, दुपारच्या जाहिरातीत बघून आलेली रासात्ती धावत दारात आली. तिला धाप लागली होती.

"अक्का! जिवंत आहे! पूंगोदैचा नवरा जिवंत आहे! दरीत पडून स्मृती गेली होती, कुणा मेंढपाळानं वाचवला. आज साडेआठला परत येतोय! ती परत पिवळी साडी नेसणार बघ!"

मुप्पिडातीचा पाय मशीनच्या पायपट्टीवर थांबला. बाहेर लिंबाच्या गोणी उतरवत होते. हमालांचे आवाज येत होते, ओल्या गोणपाटाचा आणि लिंबाचा वास येत होता. ती थोडा वेळ रस्त्याकडे बघत राहिली, बाजाराकडून येणाऱ्या वाटेकडे.

रासात्तीचं हसू हळूहळू ओसरलं. ती पायरीवर बसली.

"बरं झालं गं," शेवटी मुप्पिडाती म्हणाली. "त्या बाईचं बरं झालं."

"अक्का," रासात्ती चाचरत म्हणाली, "मला पण एक शिवशील? पिवळाच. तो हिरवा गोट लावून. पोन्मणीसारखा."

मुप्पिडातीनं पेटीकडे पाहिलं. मग मान हलवली.

"ते हिरवं संपलं. तुझ्यासाठी दुसरं आणू. ये, माप देऊन जा. आणि श्वास रोखू नकोस, मागच्या वेळी माप चुकलं होतं."

"मी कुठं रोखते!" म्हणत रासात्तीनं पोट आत घेतलं, आणि मुप्पिडातीनं टेप उलगडली.